पत्र्याखालची विमानटपाल

परवा आमच्या बाईसाहेबांनी माळ्यावरून कूलर उतरवायला लावला. जुनं गवत काढलं, नवीन वाळ्याच्या ताट्या बसवल्या, पाणी भरलं, बटण दाबलं आणि घरभर तो ओला, मातकट वास पसरला. धुळ्यातल्या कुठल्याही घरात या वासानं माणसाला हायसं वाटतं. माझं मात्र तोंड उतरलं. बायकोनं विचारलं, तोंड का असं झालं तुमचं? म्हटलं, काही नाही, ऊन लागलं असेल. शब्द तोंडातून गेले आणि मी जीभ चावली. दोन उन्हाळ्यांपासून आमच्या घरात हे दोन शब्द कोणी सहज बोलत नाही.

एप्रिल अजून संपलेला नाही आणि रस्त्यावरचं डांबर चपलेला चिकटायला लागलंय. समोरच्या निंबावर कावळे चोची उघड्या टाकून बसतात, ओरडतही नाहीत. दुपारी बारा ते पाच गावात कर्फ्यू लागल्यासारखं असतं. मी खिडकीशी उभा राहून हे बघतो आणि जळगावला फोन लावतो. पलीकडून अक्का, नानांच्या पत्नी, उचलतात. मी उगाच इकडचं तिकडचं विचारतो आणि मग हळूच म्हणतो, नाना कसे आहेत? त्या आपल्या बोलीत म्हणतात, बरे शेत, म्हणजे बरे आहेत. मग फोन ठेवतो आणि संध्याकाळी पुन्हा लावतो. बायको म्हणते, त्या बाईंना आता तुमच्या फोनचाच ताप व्हायचा. बरोबर आहे तिचं. पण माझं काय करू?

नाना माझे कोणी लागत नाहीत. आमचं नातं नादाचं. मला जुन्या विमानटपालीच्या शिक्क्यांचा नाद आहे. लोक म्हणतात, हा तिकिटं जमवतो. अहो, तिकिटं नव्हेत हो. वीस वर्षं सांगून सांगून माझ्या घशाला कोरड पडली. तिकीट सोलून, पाण्यात भिजवून वहीत चिकटवणारे वेगळे. आम्हाला अख्खं पाकीट लागतं. विमानानं टपाल जायला नुकती कुठं सुरुवात झाली होती, त्या काळातलं पाकीट. ते कुठून निघालं, कराचीला कधी पोचलं, तिथून विमानात चढलं की राहिलं, हे सगळं त्याच्या पाठीपोटावरच्या ठशांवरून वाचायचं. 'विमानाने' अशी निळी चिठ्ठी त्यावर असते आणि कधीकधी त्या चिठ्ठीवर दोन जाड आडव्या रेघा मारलेल्या असतात. म्हणजे हवेतला प्रवास इथं संपला, पुढचा जमिनीवरून. कुण्या कारकुनानं घाईत मारलेल्या त्या दोन रेघा दिसल्या की मला जेवण सुचत नाही. आता हसा.

आमच्या खानदेशात हे कुठून आलं असं विचारतात. कापसानं आणलं. अमळनेर, धुळे, जळगावच्या पेढ्यांना भाव कळवणारी पत्रं मुंबईहून, विलायतेहून यायची. ज्याला घाई तो विमानानं पाठवायचा. पेढ्या गेल्या, पाकिटं पोत्यांत राहिली. नानांच्या घरचीच जिनिंग, म्हणजे कापसातली सरकी काढायची गिरणी होती. ती बंद पडल्यावर नानांनी एकच गोष्ट मागून घेतली, जुन्या टपालाचं पोतं. तिथून त्यांचा नाद सुरू झाला आणि मग फार पुढं गेला.

पुढं गेला म्हणजे असा, की साध्या पाकिटांवर त्यांचं मन रमेना. त्यांना हवं होतं पडलेल्या विमानांतलं टपाल. विमान समुद्रात कोसळायचं, माणसं जायची, टपालाची एखादी थैली मात्र तरंगत सापडायची. ती पत्रं वाळवून, वर जांभळ्या शाईचा रबरी शिक्का मारून पत्त्यावर पोचती करायचे. शिक्क्यात लिहिलेलं असायचं की हे समुद्राच्या पाण्यानं भिजलं आहे. तिकिटं पाण्यात निघून गेलेली, शाई पसरलेली, कोपरे फाटलेले. अशी पाकिटं जमवणारे जगभर आहेत, आणि खरं सांगायचं तर ज्या पत्राचं सगळं सुखरूप पार पडलं त्याला आमच्यात फारसं कोणी विचारत नाही. जितकं वाटोळं, तितका मान. मी एकदा नानांना म्हणालो होतो की कधीकधी मला या नादाची भीती वाटते. नाना भिंगावरून मान वर न करता म्हणाले, "माणसं गेली, कागद राहिला. आपला विषय कागद." मला ते तेव्हाही बरं वाटलं नव्हतं.

अक्कांना तर मुळीच बरं वाटलं नव्हतं. अक्का अमळनेरकडच्या खेड्यातल्या. तुम्हाला आठवत असेल, पूर्वी मयताची खबर कार्डानं यायची आणि त्या कार्डाचा एक कोपरा फाडलेला असायचा. पोस्टमन लांबूनच हाक मारायचा. कोपरा फाटका दिसला की घरातल्यांना न वाचताच कळायचं. ते कार्ड उंबऱ्याच्या आत नेत नसत. ओट्यावर उभं राहून वाचायचं, तिथंच फाडायचं, आंघोळ करून मग घरात जायचं. अक्कांच्या वडिलांची खबर अशाच कार्डानं आली होती आणि नवी नवरी असताना ते त्यांनी स्वतःच्या हातांनी घेतलं होतं. तेव्हा नानांच्या पहिल्या बुडालेल्या पाकिटाचा फाटका कोपरा त्यांना दिसला, त्या दिवशी काय झालं असेल ते सांगायला नको. नाना समजावत होते, अगं, हे कापसाच्या भावाचं पत्र, यात कोणी मेलेलं नाही. अक्कांनी पदर तोंडाला लावला आणि एवढंच म्हणाल्या, "हाई घरमा नही ठेवानं."

नाना कोणाचं ऐकणारे नव्हते, पण अक्कांचं ऐकायचे. त्यांनी सगळा पसारा गच्चीवरच्या खोलीत हलवला. खोली कसली, चार भिंती आणि वर पत्रे. पूर्वी तिथं कांदे ठेवायचे. नानांनी टेबल नेलं, दिवा नेला, पाकिटांच्या पेट्या नेल्या. अक्का जिन्याच्या शेवटच्या पायरीपर्यंत येत, चहाचा कप ठेवत, हाक मारत आणि परत जात. त्या खोलीत त्यांनी कधी पाय टाकला नाही. पावसाळा, हिवाळा ठीक जायचा. उन्हाळ्यात त्या पत्र्यांखाली पापड भाजले असते.

आणि नानांचं काम नेमकं उन्हाळ्यातच. इथं आमच्या जातीची खोड आली पाहिजे, म्हणजे शिक्केवाल्यांच्या जातीची. पावसाळ्यात कागदाला बुरशी धरते, डिंक ओला होऊन पाकिटं एकमेकांना चिकटतात. थंडीत उजेड कमी. म्हणून पेट्या उघडायच्या त्या मे महिन्यात, खानदेशच्या कोरड्या हवेत. पंखा लावायचा नाही, कागद उडतात. कूलर तर लावायचाच नाही, त्याची ओली हवा म्हणजे जुन्या कागदाला विष. खिडकीतून धूळ येते, म्हणून खिडकीही बंद. मी हे सगळं धुळ्यात करतो, पण माझ्या डोक्यावर स्लॅब आहे आणि दर अर्ध्या तासानं डोकावणारी बायको आहे. नानांच्या डोक्यावर पत्रा होता.

त्या वर्षी त्यांना जन्मभर हवा होता तो गठ्ठा मिळाला. एकाच बुडालेल्या विमानातली, एकाच थैलीतली पाकिटं. मुंबईच्या एका म्हाताऱ्या संग्राहकाशी अदलाबदल करून आणली होती. आता प्रश्न असा होता की त्या टपालावर मारलेला जांभळा शिक्का एकच होता की दोन. म्हणजे वाळवणाऱ्या कारकुनांच्या हातात दोन वेगळे रबरी ठसे होते का? एका अक्षराची शेपटी कुठं तुटकी दिसते, कुठं दिसत नाही. तुम्ही म्हणाल, याने जगाचं काय अडलं? काही नाही. पण हिवाळ्यात प्रदर्शन होतं, त्याआधी नानांना हे सोडवून कागदावर मांडायचं होतं. त्यांच्या वयात पुढचा हिवाळा धरून चालता येत नाही, असं ते स्वतःच म्हणायचे आणि हसायचे. मला त्या हसण्याचा राग यायचा.

मी रविवारी जायचो. धुळ्याहून सकाळची बस, पारोळा, एरंडोल, जळगाव. त्या वर्षी बसच्या खिडकीचा दांडा सकाळी दहालाच हाताला चटका देत होता. वाटेतल्या केळीच्या बागा बघवत नव्हत्या, पानं कडेनं करपून चिंध्या झालेली. घरात शिरलो की अक्का पहिलं पाणी द्यायच्या आणि दुसरं गाऱ्हाणं. सकाळपासून वर शेत, जेवायला उतरत नहीत, तुमचं तरी ऐकतील. मी वर जायचो. खोलीत पाऊल टाकलं की कानाच्या पाळ्या तापायच्या. नाना बनियनवर, मांडीवर ओला पंचा, डोळ्याला भिंग. टेबलावर पाकिटं होती आणि ती उष्णतेनं आपोआप कडांनी वर वळत होती, मूठ मिटावी तशी. नाना चिमट्यानं त्यांना सरळ करायचे, ती पुन्हा वळायची. ते बघून मला कसंसंच झालं. म्हटलं नाना, बंद करा, हे काम नोव्हेंबरात होईल. तर म्हणाले, नोव्हेंबर तू बघ. मी पंख्याचं बटण दाबलं, तर त्यांनी असं पाहिलं की मी ते पुन्हा बंद केलं. खिशात कांदा ठेवा म्हटलं, तर म्हणाले, कांद्याचा वास कागदाला लागतो. यांच्यापुढं डोकं आपटावं की काय करावं!

दर रविवारी काहीतरी वेगळं दिसायचं. एकदा पत्र्याखाली दोन चिमण्या मरून पडलेल्या. नानांनी त्या कागदात गुंडाळून बाजूला ठेवल्या होत्या आणि विसरले होते. एकदा प्लास्टिकच्या फोल्डरांना वास सुटलेला, ती मऊ पडलेली. एकदा नाना मला माझ्या नावानं हाक मारायच्या ऐवजी आपल्या मुलाच्या नावानं हाक मारत राहिले, आणि मुलगा तर पुण्याला. मी खाली येऊन अक्कांना सांगितलं. अक्का म्हणाल्या, मला माहीतच होतं, ती पत्रं कोणाला तरी न्यायला आलीत. मी पुण्याला फोन केला, मुलगा म्हणाला, पुढच्या आठवड्यात येतो, बाबांना घेऊनच जातो. तो आठवडा अजून उजाडायचा होता.

त्या रविवारी बस एरंडोलला खोळंबली, मला पोचायला दुपार झाली. गल्लीत चिटपाखरू नव्हतं. दार उघडं. अक्का जिन्याच्या मधल्या पायरीवर उभ्या होत्या आणि वर तोंड करून हाका मारत होत्या. आवाज बसलेला. मला बघून म्हणाल्या, बोलतायत, पण ओ देत नहीत. मी धावत वर गेलो. नाना खुर्चीत होते. चिमटा हातात, पाकीट समोर, आणि ते कोणाला तरी शांतपणे सांगत होते की शाई ओली आहे, हात लावू नकोस, थैली उघडू नकोस. खोलीत कोणी नव्हतं. मी त्यांचा दंड धरला. दंड तापलेल्या तव्यासारखा आणि अगदी कोरडा. घामाचा टिपूस नव्हता. उन्हाळ्यात वाढलेल्या माणसाला याचा अर्थ कळतो.

मी अक्कांना हाक मारली. त्या वर येणार नाहीत हे मला माहीत होतं, तरी मारली. त्या आल्या. उंबऱ्यावर क्षणभरही थांबल्या नाहीत. नाना खुर्चीवरून कलताना टेबल हललं होतं आणि पाकिटं जमिनीवर पसरली होती. अक्का त्या पाकिटांवरून सरळ चालत आल्या आणि त्यांनी नानांचे पाय उचलले. आम्ही दोघांनी त्यांना जिन्यावरून खाली आणलं, ओल्या चादरीत गुंडाळलं, रिक्षात घातलं. दवाखान्यापर्यंत नाना बोलत होते. मग बोलायचे थांबले. बोलत होते तेव्हा भीती वाटत होती, थांबले तेव्हा त्याहून जास्त.

दवाखान्याच्या बाकावर अक्का पाठ न टेकता बसल्या. डॉक्टर येऊन सांगून गेले की आज काही सांगता येणार नाही. मी काहीबाही बोलत होतो, होतील बरे, अशा केसेस होतात. अक्का माझ्याकडे बघत नव्हत्या. दाराकडे बघतच म्हणाल्या, "मीच धाडं ना त्यासले वर."

त्यांनीच नानांना वर धाडलं, हे खरं होतं. पत्रांमुळं घरात मरण येईल म्हणून त्यांनी पत्रं घराबाहेर काढली, आणि पत्रांमागं माणूस पत्र्याखाली गेला. त्यांना वाटलं होतं ते खरं व्हायला त्यांच्याच वाटण्यानं वाट करून दिली. त्यांनी हे माझ्याआधीच ओळखलं होतं. मी म्हटलं, अक्का, तुमची काही चूक नाही. त्यांनी मान हलवली, पण ते माझ्या समाधानासाठी.

नाना वाचले. बरेच दिवस दवाखान्यात होते आणि घरी आले ते पाऊस पडल्यावर. पण डोक्याला ऊन बसलं ते बसलंच. चालतात काठीनं. बोलतात थोडं. कधी सगळं आठवतं, कधी अक्कांनाच विचारतात, तुम्ही कोण. डॉक्टरांनी बजावून ठेवलंय की आणखी एकदा असं ऊन लागलं तर मग आमच्या हातात काही नाही. म्हणून मी फोन करतो. म्हणून कूलरच्या वासानं माझं तोंड उतरतं. प्रदर्शन झालं, गेलं. शिक्का एक होता की दोन, ते राहिलं.

घरी आल्यावर नानांनी पहिल्यांदा मागितली ती पाकिटं. मुलगा गच्चीवर निघाला, तर अक्का म्हणाल्या, थांब, मी आणते. त्यांनी जमिनीवरची एकेक उचलली, पदरानं पुसली आणि खाली आणली. बैठकीच्या खोलीत, नानांच्या पलंगाशेजारी स्टुलावर ठेवली. तेव्हापासून ती तिथंच आहेत. आणि तेव्हापासून एक नवीनच सुरू झालं. नाना एक पाकीट उचलतात, जांभळ्या शिक्क्यावर बोट ठेवतात आणि अक्कांना विचारतात, हे घेऊन येणारा माणूस पोचला का? जन्मभर ज्यांचा विषय कागद होता, ते आता फक्त माणसाबद्दल विचारतात. अक्का पाकीट हातात घेतात आणि म्हणतात, "पोचना." म्हणजे पोचला. मग दुसरं. मग तिसरं. दिवसातून कितीतरी वेळा. मुलानं हे बघितलं आणि तो मागं जाऊन रडला. मी समजून गेलो की मेंदूला धक्का बसला की असं होतं, आणि त्या विमानातलं कोणी पोचलं नव्हतं हे मला माहीत असल्यामुळं मी बहुतेक वेळा खिडकीबाहेर बघत बसतो.

गेल्या रविवारी गेलो होतो. केळीची पानं पुन्हा करपायला लागली आहेत. नानांचा चेहरा या वर्षी फार उतरलाय, कातडी कागदासारखी पातळ झालीय, हाताच्या शिरा निळ्या. डोळे मात्र त्या दिवशी स्वच्छ होते. अक्का कैरीचं पन्हं करायला आत गेल्या. नानांनी पाकीट उचललं, माझ्याकडे केलं आणि विचारलं, हा पोचला का रे? ते मला कधी विचारत नाहीत. मी घाबरलो. मी म्हटलं, हो नाना, पोचला.

नानांनी माझ्याकडे पाहिलं, पूर्वी मी शिक्का चुकीचा ओळखला की पाहायचे तसं. स्वयंपाकघराच्या दाराकडे नजर टाकली आणि आवाज खाली आणून म्हणाले, "कोणीच पोचलं नव्हतं. मला काय माहीत नाही का? पण तिला म्हणू दे. म्हटलं की तिला झोप लागते."

एवढ्यात अक्का पेले घेऊन आल्या. नानांचा चेहरा पुन्हा मऊ, हरवलेला झाला, की त्यांनी तो करून घेतला, मला सांगता येणार नाही. त्यांनी तेच पाकीट अक्कांपुढं धरलं आणि विचारलं. अक्कांनी पेले खाली ठेवले, ओले हात पदराला पुसले, पाकीट घेतलं, फाटक्या कोपऱ्यावरून अंगठा फिरवला.

"पोचना," त्या म्हणाल्या.

नानांनी मान हलवली आणि पुढचं उचललं.